दामन कोणाचे?

मराठीतून फारसी-अरबी शब्द वेचून बाहेर काढले पाहिजेत, असे म्हणणारे लोक मला अधूनमधून भेटतात. त्यांच्यासमोर आज एक दोर ठेवतो.

शिडाच्या खालच्या मोकळ्या कोपऱ्याला एक दोर बांधलेला असतो. तो ओढून धरला की शिडात वारा भरतो, सैल सोडला की वारा निसटतो. सोसाट्याचा वारा आला आणि हा दोर वेळेवर सुटला नाही, तर होडी कलंडू शकते. जुन्या खलाशांच्या बोलीत या दोराला 'दामन' म्हणत. टॉमस रोबक यांचा या बोलीचा कोश १८११ साली कलकत्त्यात निघाला. आखातातले अरब नावाडीही याच दोराला 'दामान' म्हणतात.

मग हा शब्द कोणाचा? फारसीत दामन म्हणजे वस्त्राचा खालचा घेर, पदर. संस्कृतात दामन् म्हणजे दोर. 'दामोदर' या नावात तोच आहे, गुरे बांधायचे 'दावे' त्याच घरातले. दोन्ही अर्थ चपखल बसतात. भांडायला भरपूर जागा आहे!

माझा कल फारसीकडे आहे, आणि त्याचे कारण माझा धर्म नव्हे. इंग्रजीत या दोराला 'शीट' म्हणतात. ते नाव मुळात शिडाच्या खालच्या कोपऱ्याचे. पुढे ते कोपरा धरणाऱ्या दोराला मिळाले. दामनचेही तसेच झाले असावे. आधी शिडाचा पदर, मग पदर धरणारा दोर. पण उद्या कोणी संस्कृत मूळ सिद्ध केले, तरी माझे काही जाणार नाही.

जाईल ते शब्द उपटणाऱ्यांचे. 'नाखवा' हा फारसी नाखुदा, म्हणजे नावेचा धनी. 'दर्या' फारसी, 'खलाशी' अरबी मुळाचा. हे तीन शब्द काढून एखादे कोळीगीत म्हणून पाहा. कोळ्यांना ते परके वाटत नाहीत, कारण त्यांनी ते कामातून घेतले. कोकण, गुजरात, बंगालचे, निरनिराळ्या धर्मांचे खलाशी एका हाकेवर दोर ओढत. हाक कळली नाही तर सगळेच बुडणार, हे त्यांना ठाऊक होते.

मराठी माझीही मातृभाषा आहे. तिच्यातून काय काढून टाकायचे, याची यादी कराल तेव्हा हा दोर तेवढा लक्षात असू द्या.