शुक्रवारचं हळदीकुंकू

कुवेतमधल्या जाब्रियात संक्रांतीचं हळदीकुंकू सोयीने शुक्रवारी होतं, कारण 2007 पासून तिथे शुक्रवार-शनिवार सुट्टी आणि रविवारी सकाळी ऑफिस. ‘आता सणसुद्धा सुट्टी बघून का?’ असा टोमणा इकडून एखाद्या आत्याबाई फोनवर हाणतातच. पण हळदीकुंकू रथसप्तमीपर्यंत करायची मुभा आपल्या आज्या-पणज्यांनीच घेऊन ठेवली होती. चैत्रगौरीचंही अक्षय्यतृतीयेपर्यंत चालतं. घरोघर जायचं तर चार दिवस हाताशी हवेत, एवढा व्यवहार त्यांना कळत होता. गणपती मात्र तिथीलाच बसतो: कामाचा वार असेल तर पूजा पहाटे उरकायची, विसर्जन बादलीत, आणि शाडू विरघळला की ते पाणी गॅलरीतल्या कुंडीला. तेव्हा वार बदलला म्हणून गळा काढण्यात अर्थ नाही. खरा बदल कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने 2022 साली केला, विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव करून. जाब्रियाच्या फ्लॅटमध्ये वाण लुटताना नवरा गेलेल्या मैत्रिणीलाही बोलावणं जातं का, तिच्या कपाळी कुंकू लागतं का, ते आधी विचारा. वाराचं मग बघू.