‘कुलीन’ तारामती

८ ऑगस्ट २०२४च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळाले. दुसऱ्याच दिवशी केशवरावांची जयंती होती. शाहू महाराजांनी १९१५मध्ये उभे केलेले ते मूळचे पॅलेस थिएटर. त्याच्या भिंती काळ्या पडलेल्या पाहून कोल्हापूरकर रस्त्यावर उभे राहून रडले आणि त्यांत आम्हीही होतो. त्यानंतरचे काही महिने गावात आठवणींना पूर आला. व्याख्याने झाली, स्मरणिका निघाल्या, ‘कलापूर’ हा शब्द पुन्हा सगळ्यांच्या ओठांवर आला. बाबूराव पेंटर, भालजी पेंढारकर, प्रभातचे पाच भागीदार, गोविंदराव टेंबे, मास्टर विनायक ही नावे क्रमाने यायची. शेवटी, पानावर जागा उरली असेल तर, एक वाक्य: ‘चित्रपटात आलेली पहिली कुलीन स्त्री दुर्गा खोटे हिनेही याच मातीत तारामती साकारली.’

या एका वाक्याशी आमचे भांडण आहे. ते कितीही आदराने लिहिलेले असले, तरी त्यात एका मोठ्या अभिनेत्रीची पन्नासहून अधिक वर्षांची कारकीर्द तिच्या आडनावात बुडवली आहे.

आधी त्यातला ‘पहिली’ हा शब्द पाहू. दादासाहेब फाळक्यांच्या १९१३च्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई (पुढच्या कमलाबाई गोखले) या दोघी पडद्यावर आल्या, त्या कोणत्या घरातून आल्या होत्या याचा शोध ‘पहिली’ म्हणणाऱ्याने घ्यायला हरकत नव्हती. कोल्हापुरातच बाबूराव पेंटरांच्या ‘सैरंध्री’त (१९२०) स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी केल्या होत्या. त्या बायकांनी कॅमेऱ्यापुढे उभे राहायचे धाडस केले, म्हणून बारा वर्षांनी दुसऱ्या कुणाला तेथे उभे राहता आले. पण त्या ‘तसल्या’ घरच्या, म्हणून त्यांना क्रमांक नाही. म्हणजे ‘कुलीन’ हे विशेषण दुर्गाबाईंचा गौरव कमी करते आणि इतरांचा अपमान जास्त करते. बरे, दुर्गाबाईंना तरी त्याने काय मिळाले? त्यांचे कर्तृत्व जन्मातच संपले. पुढे त्यांनी काय केले, ते कुणी विचारत नाही.

म्हणून थोडे मागे जाऊ. सुखवस्तू लाड घराण्यातली ही मुलगी, जन्म १९०५चा, शिक्षण मुंबईत इंग्रजी शाळेत आणि सेंट झेवियर्समध्ये. खोट्यांच्या श्रीमंत घरात लग्न झाले आणि काही वर्षांत त्या घराची आर्थिक घडी पूर्ण विस्कटली. पदरात दोन मुलगे. शिकवण्या करून काही भागेना. तेवढ्यात १९३१मध्ये ‘फरेबी जाल’ नावाच्या चित्रपटातले एक लहानसे काम चालून आले आणि त्यांनी ते केले. चित्रपट सुमार होता, आणि जाहिरात झाली ती दोन्ही घराण्यांच्या नावांची. नातेवाइकांनी आणि समाजाने काय ऐकवले असेल, ते सांगायला नको. लक्षात घ्यायचे ते एवढेच, की दुर्गाबाई ‘कलेच्या ओढीने’ आल्या नव्हत्या, पैशांची गरज होती म्हणून आल्या होत्या. हे सांगायला आपल्याकडे उगाच संकोच वाटतो. पुरुष नोकरी धरतो तेव्हा त्याला पगार हवा असतो, हे आपण गृहीत धरतो. नटीने मात्र ध्यास घेऊनच यायचे.

इतकी बदनामी झाल्यावर कुणीही घरी बसले असते. शांतारामबापूंनी तारामतीसाठी विचारले तेव्हा दुर्गाबाई मुंबई सोडून कोल्हापुरात आल्या. ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) हा पहिला मराठी बोलपट. तो हिंदीतही काढला होता, म्हणजे भूमिका एक पण कष्ट दुप्पट. पार्श्वगायनाची सोय तेव्हा नव्हती, नटीने कॅमेऱ्यासमोर उभे राहून स्वतःच गायचे. समोर हरिश्चंद्र म्हणून गोविंदराव टेंबे, संगीत रंगभूमीवर मुरलेले, शिवाय या चित्रपटाचे संगीतकारही तेच. आणि ही बाई रंगभूमीचा गंध नसलेली.

हा चित्रपट आजही पाहायला मिळतो. आम्ही तो अनेकदा पाहिला आहे, आणि दर वेळी एकच गोष्ट जाणवते. टेंबे राजा होतात तेव्हा त्यांच्यामागे नाटकाचा सगळा रुबाब उभा असतो. हात कुठे न्यायचा आणि वाक्य कुठे तोडायचे, हे त्यांचे आधीच ठरलेले आहे. दुर्गाबाईंचे काहीच ठरलेले नाही. त्या नुसत्या उभ्या राहतात आणि पाहतात, आणि कॅमेऱ्याला हवे असते ते नेमके हेच. ज्या नवशिकेपणाबद्दल त्यांना भीती वाटत असेल, तोच त्या माध्यमात गुण ठरला. अर्थात काही जागी आवाज कच्चा आहे, काही गाणी लांबली आहेत. ते नाकारण्याचे कारण नाही.

या तारामतीचे खरे महत्त्व समजायला त्या वर्षी मराठी रंगमंचावर काय चालले होते, ते आठवले पाहिजे. १९३२मध्ये बालगंधर्व अजून स्त्रीभूमिका करीत होते. मराठी प्रेक्षकाच्या मनातली आदर्श स्त्री, तिचे चालणे, लाजणे, रुसणे, पदर सावरणे हे सारे पुरुषांनी घडवले होते, आणि अप्रतिम घडवले होते, याबद्दल वाद नाही. हिराबाई बडोदेकरांसारखे अपवाद होते. ‘आंधळ्यांची शाळा’ मात्र १९३३मध्ये यायची होती. अशा वेळी कोल्हापुरात तयार झालेल्या बोलपटात एक बाई बाईच्या आवाजात बोलली, आणि तिचे दुःख लाडिक नव्हते. काशीच्या बाजारात विकली जाणारी तारामती पाहणाऱ्याकडे दयेची याचना करीत नाही. बालगंधर्वांच्या स्त्रीला पाहून बायका तिच्यासारख्या नटत होत्या. दुर्गाबाईंच्या तारामतीसारखे नटण्याजोगे काही नव्हते, तिच्याकडे पाहून आपलेच काही आठवावे, अशी ती होती. हा बदल आमच्या मते ‘कुलीन स्त्री पडद्यावर आली’ या बातमीपेक्षा कितीतरी मोठा आहे.

त्याच वर्षीच्या ‘मायामच्छिंद्र’मध्ये त्या स्त्रीराज्याची राणी झाल्या, शेजारी पाळलेला चित्ता. आज ते पाहताना थोडे हसू येते. तरी तारामतीनंतर लगेच ही भूमिका देणाऱ्याने आणि घेणाऱ्यानेही प्रतिमेची फिकीर केली नाही, हे मानले पाहिजे.

१९३३मध्ये प्रभात पुण्याला गेली. दुर्गाबाई मात्र कोणत्याच कंपनीच्या झाल्या नाहीत. तो काळ महिन्याच्या पगारावर कंपनीत राहण्याचा. नटी म्हणजे कंपनीची जवळजवळ मालमत्ता. दुर्गाबाईंनी चित्रपटागणिक करार करायला सुरुवात केली. कलकत्त्याला देवकी बोस यांच्याकडे ‘राजरानी मीरा’ आणि ‘सीता’ केले, परत येऊन प्रभातमध्येच ‘अमर ज्योती’ (१९३६). त्यातली सौदामिनी, कायद्याने मूल हिरावले म्हणून समुद्रावर चाचेगिरी करणारी स्त्री, ही आम्हाला त्यांची सर्वांत धीट चित्रपट-भूमिका वाटते. हे करारांचे प्रकरण किती अवघड होते, त्याला एक दाखला पुरे. १९३९मध्ये शांता आपटे याच प्रभातच्या दारात उपोषणाला बसल्या, आणि पुढच्या वर्षी त्यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून या धंद्यातली वागणूक उघड केली. एक दारात बसून भांडली, दुसरी दारातून सहज आतबाहेर करीत राहिली. दुर्गाबाईंना हे जमले त्यात त्यांच्या शिक्षणाचा, इंग्रजीचा आणि हो, घराण्याचाही वाटा होता, हे आम्ही लपवणार नाही. ‘कुलीन’ या शब्दाचा खरा उपयोग तेथे झाला असेल, व्यवहाराच्या टेबलाशी. गौरवग्रंथांना मात्र तो सोवळ्यासारखा वापरायचा असतो.

चाळिशीकडे झुकल्यावर नायिकेचे काय होते, हे हिंदी-मराठी पडद्याने ठरवून टाकले आहे. ती आई होते. दुर्गाबाईंनी ‘पायाची दासी’त (१९४१) खाष्ट सासू केली, १९४२मध्ये कैकेयी केली, आणि पुढे त्या अधिकाधिक आई होत गेल्या. १९६०च्या ‘मुघल-ए-आझम’मधली जोधाबाई नवरा आणि मुलगा यांच्या मध्ये उभी आहे. एवढ्या अवाढव्य चित्रपटात तिला मोजकी दृश्ये आहेत, पण तेथे घर आहे असे तिच्यामुळेच वाटते. ‘बिदाई’साठी (१९७४) फिल्मफेअर मिळाले. पन्नाशी-साठीनंतर पडद्याने त्यांना एवढेच दिले.

रंगभूमीने त्यांना त्याच वयात काय दिले? आनंदीबाई आणि लेडी मॅक्बेथ. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’तली राघोबादादांची बायको, आणि शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’मधली (१९५४) राणी. दोघी महत्त्वाकांक्षी, नवऱ्याच्या पुढे एक पाऊल, आणि दोघींच्या हाताला रक्त. पडदा ज्या बाईला डोळे पुसायला लावत होता, तिच्याकडून मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगमंचावर ही कामे होत होती. १९५८चा संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना उगाच मिळाला नाही. आमचे मत विचाराल तर दुर्गाबाईंची परिपक्व कला या दोन भूमिकांत होती, आणि नेमकी तीच हाती उरलेली नाही. नाटक संपले की संपले. फीत राहते ती आईची.

येथे इंग्लंडच्या पेगी ॲशक्रॉफ्टची आठवण येते. जन्म १९०७, मृत्यू १९९१. दुर्गाबाईही १९९१मध्येच गेल्या. ॲशक्रॉफ्टने आयुष्य रंगभूमीवर घालवले, आणि ‘अ पॅसेज टू इंडिया’साठी ऑस्कर मिळाले तेव्हा ती ७७ वर्षांची होती. पण तिच्या क्रॉयडन गावाने तिच्या नावाचे नाट्यगृह १९६२मध्येच, तिच्या हयातीत, उभे केले होते. तिच्या नाटकांतल्या भूमिकांवर पुस्तके आहेत, वर्षांनुसार, दिग्दर्शकांनुसार. तेथे कुणी तिच्या घराण्यापासून सुरुवात करीत नाही. आपल्याकडे आनंदीबाईचे पहिले वाक्य दुर्गाबाई कशा म्हणत, हे सांगणारा माणूस आता शोधावा लागेल.

आणखी एक बाजू तर कुणी उच्चारतही नाही. १९५०च्या दशकात त्यांनी स्वतःची संस्था काढून माहितीपट, जाहिरातपट करायला घेतले. त्याआधी १९३०च्या दशकातच ‘सवंगडी’ची निर्मिती करून झाली होती. १९८८मध्ये दूरदर्शनवर ‘वागळे की दुनिया’ लागायची, अवघा मध्यमवर्ग ती पाहायचा. ती दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची होती. त्या वेळी दुर्गाबाई ८३ वर्षांच्या होत्या. १९८३मध्ये फाळके पुरस्कार झाला होता, ‘मी दुर्गा खोटे’ हे आत्मचरित्र १९८२मध्येच लिहून झाले होते. त्या पुस्तकात कामाच्या गोष्टी जास्त आणि रडगाणे कमी आहे, म्हणूनच कदाचित त्यातले उतारे समारंभात वाचले जात नाहीत.

यावर आमचे एक स्नेही म्हणाले, की दुर्गाबाई कोल्हापूरच्या कुठे? दोन चित्रपट केले आणि गेल्या. खरी आपली ती सुलोचनादीदी. खडकलाटची, भालजींच्या हाताखाली घडलेली. दीदी ४ जून २०२३ला गेल्या तेव्हा आमच्या गल्लीत घरातले माणूस गेल्यासारखे वाटले होते, हे खरे आहे. पण दीदींसाठीही आपल्याकडे एकच शब्द आहे: ‘सोज्ज्वळ’. एक कुलीन, दुसरी सोज्ज्वळ. भालजींना आपण सोज्ज्वळ दिग्दर्शक म्हणत नाही, शांतारामबापूंचे कूळ विचारत नाही. त्यांची कामे मोजतो. बायकांचे मात्र चारित्र्य मोजतो आणि त्यालाच कौतुक समजतो. स्नेह्यांना हे पटले नाही. ते म्हणाले, ‘सोज्ज्वळ म्हणण्यात वाईट काय?’ वाईट काहीच नाही. फक्त त्याने अभिनयाबद्दल काहीही कळत नाही.

असो. नाट्यगृहाची चर्चा निघाली की आम्ही एकच सूचना करतो आणि लोक हसतात. नव्या रंगमंचावर पहिल्या काही प्रयोगांत ‘भाऊबंदकी’ व्हावी, नाट्यसंगीताची मैफल नंतर. त्या प्रयोगाच्या पत्रकावर दुर्गाबाईंचे नाव ‘आनंदीबाईंची भूमिका पूर्वी करणाऱ्या अभिनेत्री’ एवढ्याच ओळखीने छापावे, मागे-पुढे विशेषण न लावता. नवी आनंदीबाई कुणी करावी, यावर मात्र आमच्यातच एकमत नाही. तिघांनी तीन नावे सांगितली आणि चहा गार झाला.