अपूर्णांकांची बेरीज आणि शेतजमिनीचे हिस्से

महसुली कारकुनींत असतांना हिश्शांच्या ज्या तक्रारी आमच्या नजरेखालून गेल्या, त्यांतील कित्येक केवळ अपूर्णांकांच्या बेरजेमुळें उद्भवल्या होत्या. वाचकांस हें चमत्कारिक वाटेल. म्हणून उदाहरणच घेऊं.

तीन भावांचें २ एकर १६ गुंठे, म्हणजे ९६ गुंठ्यांचें सामाईक शेत आहे. प्रत्येकाचा हिस्सा १/३. मधल्यानें आपल्या हिश्शांतून सबंध शेताचा चौथा भाग थोरल्यास विकला. आतां थोरल्याचा हिस्सा किती? अंशांत अंश व छेदांत छेद मिळवून २/७ असें उत्तर देणारे चांगले शिकलेले लोक आहेत. पण २/७ हा १/३ पेक्षां लहान. म्हणजे पैसे मोजून जमीन घेतली आणि हिस्सा घटला! तिसरा भाग व चौथा भाग यांचें आकारमान निराळें असल्यामुळें प्रथम दोहोंचे सारखे तुकडे पाडले पाहिजेत. शेताचे १२ भाग केले कीं पहिल्याचे ४ व दुसऱ्याचे ३, मिळून ७/१२. (तलाठ्याच्या सातबाराशीं याचा संबंध नाहीं, लक्षांत राहण्यास मात्र सोयीचें.) थोरल्याचे ५६ गुंठे, धाकट्याचे ३२, मधल्याकडे उरले ८.

पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, औटकी हे पाढे सारे पावावर व अर्ध्यावर चालतात. त्यामुळें पाऊण व सव्वा यांची बेरीज जुन्या माणसांस तोंडीं येई. तिहाई आली कीं गाडें अडे. तिची सोय रुपयांत होती. सबंध शेत म्हणजे रुपया, त्याचे १६ आणे, म्हणजे १९२ पै. तिसरा हिस्सा बरोबर ५ आणे ४ पै, चौथा ४ आणे. बेरीज ९ आणे ४ पै. सन १९५७ मध्यें दशमान नाणें आलें, आणि शंभर पैशांस तिहींनीं भाग जाईना. प्रत्येकीं ३३ पैसे धरल्यास तिघांचे ९९ होतात. राहिलेला एक पैसा या शेतांत सुमारें १,०४५ चौरस फूट, म्हणजे जवळजवळ एक गुंठा आहे, व तो कोणाच्याच नांवावर नाहीं. एवढ्या पट्टीसाठीं दिवाणींत वर्षांनुवर्षें खेटे घालणारे लोक आपल्यांत आहेत. तथापि आण्यांचे गोडवे गाण्याचेंही कारण नाहीं. वारस पांच असले तर १९२ लाही पांचांनीं भाग जात नाहीं. सन २००५ च्या दुरुस्तीनें हिंदु एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतींत मुलींस मुलांइतका हक्क मिळाला, हें योग्यच झालें. हिस्सेदार वाढले तसे छेदही १५, ६० असे वाढणार.

यास्तव आमचें मत असें कीं, वाटपपत्रांत व खरेदीखतांत हिस्सा अपूर्णांकांतच लिहावा, बेरीजही अपूर्णांकांतच करावी, आणि क्षेत्र, मग तें गुंठ्यांत असो वा हेक्टर-आरमध्यें, सर्वांत शेवटीं एकदांच काढावें.

याहूनही जपावयाचें तें 'चौथाई हिस्सा' या शब्दांस. चौथाई कशाची, तें खतांत स्पष्ट पाहिजे. मधल्यानें स्वतःच्याच हिश्शाची चौथाई विकली असती, तर ती सबंध शेताचा १/१२ भाग, म्हणजे ८ गुंठे झाली असती, व थोरल्याकडे ५६ ऐवजीं ४० गुंठेच आले असते. सोळा गुंठ्यांचा हा फरक आहे. सही करण्यापूर्वीं तेवढी ओळ लेखनिकाकडून मोठ्यानें वाचवून घ्यावी.