चोपण जमिनीस ‘खारवट’ म्हणू नये

नीरा-कृष्णाकाठी कालव्याच्या पाण्याने बिघडलेल्या कोणत्याही जमिनीस सरसकट ‘खारवट’ म्हणण्याचा प्रघात आहे. तो शेतकऱ्यास महाग पडतो. खारवट जमिनीवर पांढरे मीठ फुलते. चर काढून गोडे पाणी दिल्यास क्षार निचरून जातात. चोपण जमिनीत मात्र सोडियम मातीच्या कणांनाच धरून बसतो. सामू 8.5 च्या वर, कणांवरील सोडियम 15 टक्क्यांहून अधिक. ओली असता चिकट, वाळली की दगड. तीत नुसते पाणी भरल्यास कण विखुरतात व निचरा अधिकच खुंटतो. चर तेथेही हवेतच, परंतु आधी जिप्सम, मग पाणी. ‘चोपण’ हा शब्द शेतकऱ्यांच्याच तोंडचा. गावपातळीवरील कार्यकर्त्याने माती तपासून मगच तो नोंदवहीत लिहावा.