भुईखालचा दप्तरखाना

काळाचा नकाशा जपणारा दप्तरखाना आम्हां आसगावकरांच्याच तालुक्यात आहे: पवनीची जगन्नाथ टेकडी! १९६९-७० साली नागपूर विद्यापीठ व भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण यांनी ती खणली. थराखाली थर उलगडत विटांचा स्तूप निघाला; दगडांवर ब्राह्मी लिपीत दान देणाऱ्यांची नावे निघाली. माझ्या आजोबांचे नाव सातबाऱ्याखेरीज कुठेच लिहिलेले नाही. म्हणूनच की काय, ही नावे मला परीक्षेतल्या सनावळ्यांहून जवळची वाटतात. जुन्या पांढरीची माती गाडीत भरून शेतात टाकताना आपण असल्याच दप्तराची पाने फाडत असतो. विसकटलेला थर कोणताही पंडित पुन्हा लावू शकत नाही. सर, इतिहासाची सहल अजिंठ्याला जरूर न्या. पण आधी पवनीला का नको?