पूल सरकारचा, नुकसान मात्र आपलं



आपल्या तालुक्याच्या दक्षिणेला भीमा आणि नदी ओलांडली की दौंड. दवाखाना, बाजार, रेल्वे यासाठी नगर-दौंड रस्त्यावरचा भीमेचा पूल आपल्याला रोजचाच. हंगामात उसाच्या ट्रॉल्याही त्याच वाटेनं जातात. रस्त्यावर खड्डा पडला तर आपण लगेच ओरडतो. पण पुलाखाली नदीचं काय चाललंय, हे वाकून कोण बघतो?

२ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळ सावित्री नदीवरचा इंग्रजांच्या काळातला दगडी पूल पुरात कोसळला. दोन एस.टी. गाड्या वाहून गेल्या, अनेक संसार उघड्यावर पडले. नवा पूल जून २०१७ मध्ये सुरू झाला, पण गेलेली माणसं परत आली नाहीत. १५ जून २०२५ रोजी मावळात कुंडमळ्याला इंद्रायणीवरचा लोखंडी पूल गर्दीच्या भारानं पडला, चौघे गेले. एक पुरानं गेला, दुसरा भारानं. भीमेला पूरही येतो आणि आपल्या ट्रॉल्यांना भारही असतो.

पुराचं पाणी पुलाच्या खांबाला आपटून भोवरा धरतं आणि पायाजवळची माती-वाळू उकरून नेतं. तिथली वाळू आधीच उपसलेली असेल, तर पाया लवकर उघडा पडतो. वरून डांबर मात्र गुळगुळीत दिसतं. पुलाजवळ वाळू काढायला कायद्यानं बंदी आहे. पण स्पष्टच बोलायचं तर रात्री नदीत उतरणारा ट्रॅक्टर पुष्कळदा परका नसतो, गावचाच असतो.

दुसरी गोष्ट ट्रॉलीची. "एक खेप वाचते" म्हणून वाढे बांधून वर चार मोळ्या जादा चढवतात. त्यात टायर फुटतो, ट्रॉली उलटते आणि पुलावरची वाहतूक तासन् तास अडकते. तोडलेला ऊस २४ तासांच्या आत गाळला गेला पाहिजे. उशीर झाला की वजन घटतं, उताराही उतरतो. उद्या पूल बंदच झाला तर वळसा पडेल, आणि तोडणी-वाहतुकीचा खर्च शेवटी उसाच्या बिलातूनच वजा होतो.

म्हणून माझं मत असं : पुलालगतच्या गावांनी ग्रामसभेत वाळू-उपशाविरुद्ध ठराव करावा. पावसाळ्याआधी आणि पूर ओसरल्यावर पुलाच्या पायाची तपासणी व्हावी, म्हणून बांधकाम खात्याकडे लेखी मागणी करावी. आणि आपल्या फडातली ट्रॉली बेताचीच भरा, असं मुकादमाला मालकानं स्वतः बजावावं. ते सांगायला कोणत्याही खात्याची परवानगी लागत नाही.

— ऊस विकास अधिकारी