डांबराच्या गोळ्या कपाटातून बाहेर काढा

कपड्यांना कसर लागू नये म्हणून कपाटात डांबराच्या गोळ्या टाकायच्या, हे आपल्या इतकं अंगवळणी पडलंय की ते विष आहे हे कुणाच्या मनातही येत नाही. माझं म्हणणं स्पष्ट आहे. ज्या घरात लहान मूल आहे किंवा बाळ येणार आहे, त्या घरात नॅप्थलीनची गोळी नको. साडीचं भोक रफू करता येतं, बाळाच्या मेंदूला झालेली इजा रफू करता येत नाही.

आधी कीड ओळखा

‘कसर’ या एका शब्दात आपण निरनिराळे किडे कोंबतो.

१. कापड खाणारा पतंग जेमतेम ६ ते ८ मिलिमीटरचा, फिकट सोनेरी असतो. तो उजेडापासून पळतो. म्हणजे दिव्याभोवती घिरट्या घालणारे पतंग हे नव्हेत. मोठा पतंग काहीच खात नाही, कापड कुरतडते ती त्याची अळी. तिला लागते लोकर, रेशीम, केस, पिसं. स्वच्छ सुती किंवा पॉलिस्टरच्या कपड्यात तिला रस नसतो. घामाचे, अन्नाचे डाग असतील तर मात्र तेही कुरतडते.

२. भिंतीवर भोपळ्याच्या बीसारखी करडी, चपटी पिशवी सरकताना दिसते, तीही एका पतंगाची अळीच. ती मुख्यतः जळमटं, मेलेले किडे आणि केस खाते. तिच्यावर उपाय एकच, झाडू.

३. चंदेरी, चपळ, शेपटीला तीन केस असलेला किडा खळ, कागद आणि पुस्तकांची बांधणी खातो. त्याला दमटपणा आवडतो.

धाकटी डहाणूसारख्या समुद्रकाठच्या गावात दमट हवा बारमाही आणि थंडी चार दिवसांची. स्वेटर, शाल आणि लग्नातला शालू वर्षभर ट्रंकेत पडून राहतात. अळीला हवी असते ती नेमकी अशीच अंधारी, न हलवलेली जागा.

गोळी काय करते?

नॅप्थलीनची हवेतच वाफ होते. अळी मरायला ही वाफ हवाबंद डब्यात दाट साचावी लागते. रोज उघडणाऱ्या कपाटात ती साचत नाही. खोलीत वास येतोय याचा अर्थ गोळी काम करतेय असा नाही. वाफ तुमच्या छातीत जातेय असा आहे. बेसिनमध्ये आणि संडासात टाकलेल्या गोळीबद्दल तर बोलायलाच नको.

शरीरात गेल्यावर नॅप्थलीनपासून बनणारे पदार्थ रक्तातल्या लाल पेशींवर हल्ला करतात. त्यांपासून पेशींना वाचवणारं एक विकर आहे, जी-६-पीडी. काही जणांत ते जन्मतःच कमी असतं. हा दोष आईकडून येतो आणि त्याचा त्रास मुख्यतः मुलग्यांना होतो. भारतात पारशी समाजात आणि अनेक आदिवासी समाजांत तो जास्त आढळतो. डहाणू-तलासरीत हे दोन्ही समाज राहतात, म्हणून हा आपल्या घरातला विषय आहे. अशा बाळाच्या पेशी भराभर फुटतात, कावीळ चढते आणि ती मेंदूपर्यंत पोचली तर बहिरेपण किंवा कायमचं अपंगत्व येऊ शकतं.

आता आपली रीत पाहा. थोरल्याची झबली, कुंची, दुपटी गोळ्या घालून जपून ठेवलेली असतात. धाकटं जन्मलं की तीच काढायची, बाळाला तेल चोळायचं आणि त्यात गुंडाळायचं. नॅप्थलीन तेलात विरघळतं, म्हणजे तेल लावलेल्या त्वचेतून ते आणखी सहज आत जातं.

‘आमच्या आजीपासून वापरतोय, कुणाला काही झालं नाही,’ असं लोक सांगतात. झालं नाही, की झालेलं कुणी गोळीशी जोडलं नाही? बाळाला कावीळ झाली तर कपाटाकडे कोण बघतं? युरोपीय संघाने २००८ साली या गोळ्यांवर बंदी घातली. तिथे कापड खाणारे पतंग नाहीत म्हणून नव्हे.

मग कपडे कसे जपायचे?

- ठेवण्याआधी धुवा, पूर्ण वाळवा. डाग ठेवू नका.
- लोकरीचे कपडे कडक उन्हात उलटसुलट करून झटका. शिवणी आणि कॉलर ब्रशने साफ करा.
- कसर लागलेली लोकरीची वस्तू पिशवीत घट्ट बांधून आठवडाभर फ्रीजरमध्ये ठेवा.
- रेशमी साडी स्वच्छ सुती कापडात गुंडाळा. दोन-तीन महिन्यांनी घडी बदला, सावलीत वारा द्या.
- कपाटाचे कोपरे पुसा, झाकण घट्ट बसणारा डबा वापरा.
- कडुनिंब, लवंग ठेवायची तर ठेवा, पण अळी मरेल या भरवशावर राहू नका.

गोळ्यांसोबत ठेवलेले कपडे नवजात बाळाला घालू नका. वास उडाला म्हणजे नॅप्थलीन गेलं असं नाही.

मुलाने गोळी गिळली तर

पांढरी गोळी मुलांना पेपरमिंट वाटते. उलटी करवू नका. दूध, तूप, तेल देऊ नका. वेष्टन सोबत घेऊन लगेच रुग्णालयात जा. मूल खेळतंय म्हणून थांबू नका. पेशी फुटल्याचं एक ते तीन दिवसांनीही दिसतं. चहासारखी लघवी, फिकट चेहरा, पिवळे डोळे ही त्याची लक्षणं.

तेव्हा आजच कपाट उघडा. गोळ्या पिशवीत घट्ट बांधून कचऱ्यात टाका. आणि घरात कुणी गरोदर असेल तर बाळंतविड्याची पेटी आधी तपासा.